दिव्याला हात लावू नका: प्रागच्या सेटवरून

"तू नक्की काय करतोस?" प्रागमध्ये प्रॉडक्शनवाल्यांचा पहिला प्रश्न हाच असतो. मी म्हणालो, "सगळंच थोडं थोडं." समोरच्या बाईंनी वहीत काहीच लिहिलं नाही.

आलो होतो फामूत, साउंड शिकायला. 1946 साली निघालेली ही फिल्म-शाळा नॅशनल थिएटरसमोरच्या वाड्यात आहे, खाली स्लाव्हिया कॅफे. चेक भाषेतून शिकलात तर सरकारी विद्यापीठात फी नाही, परदेशी असलात तरी. म्हणून आधी वर्षभर भाषाच घोटली. आजही सेटवर "झ्वुक!" अशी आरोळी आली की "येदे" म्हणायचं, म्हणजे साउंड चालू. त्या एका शब्दासाठी वर्ष घालवलं असं घरी अजून ऐकवतात.

पहिली कामं छोट्या माहितीपटांची. चेकच्याच मोराव्हिया भागात दिग्दर्शक, कॅमेरामन आणि मी, एवढंच युनिट. गाडी मी चालवायची, बूम, म्हणजे माइकची लांब काठी, मी धरायचा, कंटिन्युइटीच्या, म्हणजे आधीच्या शॉटशी मेळ राखायच्या, नोंदी मीच ठेवायच्या आणि रात्री लॉजवर कॅमेऱ्याच्या मेमरी कार्डांच्या कॉप्या काढत बसायचं. एका रात्री डुलकी लागली आणि दुसरी कॉपी व्हायच्या आत मी कार्ड फॉरमॅट केलं. फुटेज वाचलं, कारण पहिली कॉपी धड होती. तेव्हापासून दोन वेगळ्या ड्राइव्हवरच्या फाइली उघडून बघितल्याशिवाय मी कार्डाला शिवत नाही.

इतकी कामं येतात म्हटल्यावर मोठ्या सेटवर आपली चांदी, असा माझा समज. बारांडॉव्हला, म्हणजे 1933 पासून चालू असलेल्या स्टुडिओत, तिसऱ्याच दिवशी बूमची सावली भिंतीवर पडत होती म्हणून मी दिव्याचा स्टँड वीतभर सरकवला. गॅफर, म्हणजे दिव्यांचा प्रमुख, आला, स्टँड जागेवर ठेवला आणि शांतपणे विचारलं, "हा तुझा आहे का?" ओरडला असता तर बरं वाटलं असतं. सावली पडत असेल तर बूमवाल्याने बाजू बदलायची, नाहीतर गॅफरला विचारायचं.

मग आजूबाजूची कामं शिकून उपयोग काय? एकदा अमेरिकन युनिट होतं, शूटिंग जुन्या हॉस्पिटलच्या बोळात, डोक्यावर ट्यूबलाइट. युरोपची वीज 50 हर्ट्झची. सेकंदाला 24 फ्रेम घेताना कॅमेऱ्याच्या शटरचा कोन 180 अंशांवर ठेवला तर अशा ट्यूब चित्रात लुकलुकू शकतात, 172.8 वर ठेवला की थांबतात. मॉनिटरवर मला ती लुकलुक दिसली. मी कॅमेऱ्याकडे गेलो नाही, कॅमेऱ्याच्या सेकंड असिस्टंटच्या कानात सांगितलं. पुढच्या कामाला त्यानेच माझं नाव दिलं.

कागदपत्रांचं थोडक्यात: बहुतेक तंत्रज्ञ इथे 'झिव्नो'वर, म्हणजे स्वतःच्या व्यवसाय-परवान्यावर काम करतात, बिलं आणि कर आपणच बघायचे. करारात पॅकअप ते पुढचा कॉलटाइम (सेटवर हजर व्हायची वेळ) यातलं अंतर वाचा. युरोपच्या कायद्यात नोकरदाराला 11 तासांची विश्रांती आहे, पण तुम्ही नोकर नसता, म्हणून ती कागदावर लिहून घ्या. रात्री दोनला पॅकअप आणि सकाळी सातला कॉल, ही आपली मुंबईची सवय इथे मिरवू नका.

आणि येताना लिथियम बॅटऱ्या चेक-इनच्या बॅगेत टाकू नका. सुट्या बॅटऱ्या हातातल्या बॅगेत न्यायच्या. 100 वॉट-तासांपेक्षा मोठी असेल तर एअरलाइनची परवानगी लागते, आणि 160 पर्यंतच्या अशा दोनच नेता येतात. मी तीन आणल्या होत्या. तिसरी घेऊन काका विमानतळावरून डोंबिवलीला परत गेले.