विद्यार्थी आपले, पण मतदारयादीत आहेत का?

कायदा शिकवणाऱ्याच्या डोक्यात निवडणूक शिरली की पहिला डोळा जातो विधान परिषदेच्या पदवीधर मतदारसंघावर. महाराष्ट्रात असे 7 मतदारसंघ, मुदत सहा वर्षं, आणि मतदार कोण, तर ज्यांच्या उत्तरपत्रिका आपण तपासल्या तेच लोक! हा हिशेब कागदावर फार गोड दिसतो. मीही त्यावरच उतरलो आणि सपाटून आपटलो. शिकवता शिकवता ही निवडणूक लढवावी का, असा विचार करणाऱ्या कायद्याच्या प्राध्यापकांसाठी हे लिहितोय.

नेट-सेटसारख्या प्राध्यापकपदाच्या पात्रता परीक्षा, पीएचडी, बढती यावर इथं लिहीत नाही, ते तुम्हाला पाठ असेल. एवढंच सांगतो, पैसे घेऊन शोधनिबंध छापणाऱ्या नियतकालिकांच्या वाटेला जाऊ नका. पुढं उमेदवारी भरलीत तर विरोधक पहिल्यांदा तेच उकरतील.

आता मतदारयादी. इथं जरा पाल्हाळ लावणार आहे, कारण मी गाठला गेलो तो इथंच. विधानसभेच्या यादीत नाव आहे म्हणून पदवीधराला इथं मत मिळत नाही. ही यादी वेगळी आणि दर निवडणुकीला पाटी कोरी करून बनते. गेल्या वेळी मत दिलं असलं तरी नमुना 18, म्हणजे नावनोंदणीचा अर्ज, पुन्हा भरायचा. पात्रतेची तारीख 1 नोव्हेंबर, आणि तिच्याआधी किमान तीन वर्षं पदवी मिळालेली हवी. म्हणजे नुकतीच बाहेर पडलेली बॅच, जी तुमच्यासाठी उन्हातान्हात फिरेल, तिच्यातल्या बारावीनंतर पाच वर्षांचा कायद्याचा अभ्यासक्रम केलेल्या मुलांना बहुधा मतच नाही. आधी बीए करून मग तीन वर्षांचं एलएलबी केलेल्यांना आहे, कारण त्यांची बीएची पदवी धरली जाते.

त्याहून वाईट मेख रहिवासाची. पदवी देशातल्या कुठल्याही विद्यापीठाची चालते, राहायला मात्र मतदारसंघात हवं. पुण्यात तुमच्या हाताखाली शिकून मुंबईत वकिली करणारा विद्यार्थी मुंबईचा मतदार. तो फोनवर "सर, आपलं मत तुम्हालाच" म्हणतो तेव्हा खोटं बोलत नसतो, त्याला ठाऊकच नसतं. म्हणून "पाठिंबा आहे ना?" हे विचारूच नका. "नमुना 18 ची पोच दाखव" म्हणा. पक्षाच्या कार्यकर्त्यानं गठ्ठ्यानं आणून दिलेले अर्ज स्वीकारत नाहीत, त्यामुळं प्रत्येकाच्या मागं लागावं लागतं. नोंदणीची धावपळ जमणार नसेल तर उभं राहू नका. स्पष्टच सांगतो.

नोकरीचंही बघा. सरकारी विधी महाविद्यालयात असाल तर सरकारी कर्मचाऱ्यांसाठीचे 1979 चे वर्तणूक नियम निवडणूक लढवू देत नाहीत. अपात्रता उमेदवारी अर्जांच्या छाननीच्या तारखेला तपासली जाते, तेव्हा राजीनामा त्याआधी मंजूर झालेला हवा. नुसता दिलेला पुरत नाही. अनुदानित संस्थेत असाल तर नेमणुकीचा आदेश आणि विद्यापीठाचे परिनियम स्वतः वाचा, स्टाफरूममधल्या ऐकीव गोष्टींवर जाऊ नका. उमेदवारी अर्जासोबतच्या शपथपत्रात एकही रकाना मोकळा सोडू नका, "निरंक" लिहा. सर्वोच्च न्यायालयाच्या 2013 च्या निकालानंतर मोकळ्या रकान्यापायी अर्ज बाद होऊ शकतो.

मार्गदर्शकाबद्दल माझं मत जरा कडवट आहे. आजवर एकही निवडणूक न लढलेले ज्येष्ठ प्राध्यापक सल्ला छान देतात, पण यादी कुणी चाळलेली नसते. त्यापेक्षा पडलेला उमेदवार गाठा. आणि "सर, खर्चाचं आम्ही बघतो" म्हणणाऱ्यापासून चार हात लांब राहा. विधानसभेला उमेदवाराच्या खर्चावर मर्यादा असते, परिषदेच्या निवडणुकीत ती नाही, आणि ही मोकळीक प्राध्यापकाच्या पगाराला झेपणारी नाही.

हे वाचून हातपाय गाळू नका. डॉ. आंबेडकर 1935 मध्ये मुंबईच्या शासकीय विधी महाविद्यालयाचे प्राचार्य झाले आणि 1937 मध्ये मुंबई विधानसभेवर निवडून आले. 1952 मध्ये मुंबईत लोकसभेला आणि 1954 मध्ये भंडाऱ्याच्या पोटनिवडणुकीत ते हरलेही. हरलात तरी वर्गात परत जाता येतं. आता लोकप्रतिनिधित्व कायदा शिकवताना माझ्याकडं पुस्तकाबाहेरचं बरंच असतं.

मोजणीत एक गोष्ट जिवाला लागते. मतपत्रिकेवर उमेदवाराच्या नावापुढं आपल्या पसंतीचा क्रम आकड्यात लिहायचा असतो. 1 चालतो, १ चालतो, रोमन आकडाही चालतो. पण शिकलीसवरलेली माणसं बरोबरची खूण करतात, अक्षरी "एक" लिहितात, कुणी खाली सही ठोकतो. ही सगळी मतं बाद. तुमच्या पत्रकावर फोटो थोडा लहान झाला तरी चालेल, मतपत्रिकेचा नमुना मोठा छापा.