कन्नड सिनेमासाठी लिहायचंय? आधी कान तयार करा

बेळगावात वाढल्यामुळे कन्नड येतं, म्हणून संवाद जमतील असं समजू नका. बंगळूरचा पोरगा ‘एन् माड्तिद्दीया?’ (काय करतोयस?) विचारतो, तेच धारवाडकडे ‘एन माडाकत्ती?’ होतं. मंड्याचा बाज निराळा, कुंदापूरचा तर पूर्णच वेगळा. पात्र कुठल्या तालुक्यातलं हे ठरल्याशिवाय मी एकही संवाद लिहीत नाही. २०१६ साली प्रदर्शित झालेला ‘तिथी’ बघाच. मंड्याकडच्या गावांतली, कधी कॅमेऱ्यासमोर न आलेली माणसं त्यात आहेत, आणि सहलेखक एरे गौडा त्याच मातीतले. संवाद बाहेरून आणून चिकटवलेले वाटत नाहीत ते त्यामुळेच.

सुरुवात संवादांपासून करा. एखाद्या दिग्दर्शकाच्या चर्चेच्या खोलीत बसा, सीनची वनलाइन, म्हणजे एका ओळीतला सारांश, लिहा, सेटवर नटाच्या तोंडी वाक्य अडखळलं की जागच्या जागी बदलून द्या. हे शिक्षण दुसरीकडे कुठेच मिळत नाही.

बंगळूरच्या गांधीनगरात, म्हणजे कन्नड सिनेमाधंद्याच्या पेठेत, निर्मात्यांच्या ऑफिसांत कथा बहुतेक वेळा ऐकवावी लागते. इंटरव्हलपर्यंतचा भाग न अडखळता सांगता आला पाहिजे. मोठ्याने सराव करा.

ऐकवण्याआधी मात्र पटकथा नोंदवून ठेवा. मुंबईची स्क्रीनरायटर्स असोसिएशन सभासदांच्या पटकथांची नोंदणी करते, भाषेची अडचण नाही. करारात कथा, पटकथा, संवाद ही तिन्ही श्रेयं वेगवेगळी लिहून घ्या आणि मानधनाचे टप्पे ड्राफ्टशी बांधा, प्रदर्शनाशी नव्हे. सिनेमा रखडला तरी तुमचं काम झालेलं असतं.