एलीट: लघुग्रह फोडून खनिज गोळा करायची रीत

एलीट हा 1984 चा, अंतराळात जहाजाने व्यापार करायचा संगणक-खेळ, डेव्हिड ब्रेबन आणि इयन बेल यांचा, मूळ बीबीसी मायक्रो संगणकासाठी केलेला. त्यात व्यापार सगळेच करतात, खाणकामाकडे फारसं कुणी वळत नाही. कारण सरळ आहे: खनिजाला भाव नाही. तरी परतीच्या फेरीत पोट रिकामं घेऊन येणाऱ्या जहाजाला ते फायद्याचं ठरतं.

आधी आवृत्ती तपासा. बीबीसीच्या टेपवर माइनिंग लेसर नाहीच, डिस्कची आवृत्ती घ्या. कमोडोर 64 चीही चालेल. बीबीसीसाठी बीबएम आणि कमोडोरसाठी व्हाइस हे एम्युलेटर (जुन्या संगणकाची नक्कल करणारे प्रोग्राम) साध्या लॅपटॉपवर चालतात. खालची बटणं बीबीसीची आहेत. खेळात सेव्ह फक्त स्टेशनवर असताना होतं. पावसाळ्यात गोव्यात डिचोली-सत्तरीकडे वीज कधी जाईल याचा नेम नसतो. डेस्कटॉप असेल तर उड्डाणाआधी एम्युलेटरचं स्नॅपशॉट (त्या क्षणाची सेव्ह) घेऊन ठेवा.

सुरुवात लेव्ह ग्रहावर 100 क्रेडिटांनिशी होते. लागणारं सामान असं: फ्युएल स्कूप (तरंगणारे तुकडे आत ओढणारं यंत्र) 525, माइनिंग लेसर 800, मोठा कार्गो बे (माल ठेवायची जागा) 400, म्हणजे 1725 क्रेडिट. एवढे पैसे आधी व्यापारातूनच उभे करायचे. माइनिंग लेसर टेक लेव्हल (ग्रहाची तंत्रज्ञानाची पातळी) 10 च्या खाली मिळत नाही, त्यामुळे लेव्हला शोधू नका. जवळच्या लीस्टीला जा, तिथे लेव्हल 11 आहे. मोठ्या बेमुळे जागा 20 टनांवरून 35 वर जाते.

लेसर कुठे बसवायचा यावर मतभेद आहेत. लीस्टी, डिसोसारख्या शांत ठिकाणी तो पुढे बसवावा आणि लढाईचा बीम लेसर मागे. फोडलं की तुकडे समोरच असतात, जहाज वळवायला नको. अराजक किंवा सरंजामी राजवटीच्या ग्रहांवर मात्र खाणकामाच्या भानगडीतच पडू नये.

लघुग्रह स्टेशनच्या आसपास शोधत बसू नका, ते वाटेत भेटतात. जे (J) बटण दाबून पुढे उड्या मारत राहा. रडारवर काही आलं की उडी बंद होते. तेव्हा वेग कमी करून बघा. चाचे असतील तर आधी त्यांचा निकाल. लघुग्रह असेल तर क्रॉसहेअर नीट धरून ए (A) दाबा, पण लेसरच्या तापमानाच्या पट्टीवर नजर ठेवा. पट्टी भरली की लेसर थांबतो, मग निवू द्यावा लागतो. शेवटचा घाव माइनिंग लेसरचाच हवा. बीमने फोडलात तर दगड नुसता फुटून जातो, हाती काही लागत नाही. माइनिंग लेसरनेही दर वेळी तुकडे निघतीलच असं नाही.

तुकडे दिसताच गोळीबार थांबवा, नाहीतर तेही उडतील. खरी मेख इथे आहे. स्कूप जहाजाच्या पोटाखाली असतो, म्हणून तुकडा पडद्याच्या खालच्या अर्ध्या भागातून आत यायला हवा. तुकडा मध्यावर धरून हळू पुढे जा, तो मोठा दिसू लागला की एक्स (X) अगदी किंचित दाबून नाक वर उचला. तुकडा खाली सरकतो आणि आत जातो. एक्स जास्त दाबलात तर तो पोटाखालून निसटतो, आणि नाक खालीच राहिलं तर थेट आदळून ढाल झिजते. जागा भरली असेल तरीही काही आत येत नाही. एफ9 वर माल बघत राहा.

आता हिशेब. खनिज टनाला 10 ते 14 क्रेडिट, त्यातही औद्योगिक ग्रहांवर थोडं जास्त. लीस्टीला साधारण 12–13 मिळतात, डिसोला 10–11. भरलेले 35 टन म्हणजे साडेचारशेच्या आतबाहेर, आणि तेवढं भरायला वेळ भरपूर लागतो. उलट लीस्टीचे कॉम्प्युटर डिसोला नेले तर टनामागे वीसेक क्रेडिट सुटतात, तेही एका उडीत. म्हणून जाताना कॉम्प्युटर न्या. येताना डिसोहून लीस्टीत शिरलात की स्टेशनपर्यंतच्या वाटेवर जेवढे दगड भेटतील तेवढेच फोडा, मुद्दाम फिरत बसू नका. पाच-सात टन जमले तरी इंधनाचा खर्च निघतो.

पोलिसांची भीती नाही. गुलाम, अमली पदार्थ आणि शस्त्रं बेकायदा आहेत, खनिज नाही. लीज, रॉयल्टी, पर्यावरण दाखला यांतलं काहीच लागत नाही. 2018 मध्ये खाणी बंद पडलेल्या पाहिलेल्या गोंयकाराला याचं हसू येईल.