नवं मशीन आलं, तरी रिजेक्शन वाढतंय? या चुका टाळा

नवं मशीन बसतं. पुरवठादाराचा माणूस दोन दिवस थांबून सगळ्यांना दाखवून जातो, हजेरीपत्रकावर सह्या होतात. महिन्याभराने रिजेक्शन, म्हणजे सदोष ठरून बाद होणारा माल, चढलेलं असतं आणि बैठकीत ठरलेलं वाक्य येतं: "आपल्या लोकांकडे स्किलच नाही." मग पुन्हा प्रशिक्षण.

त्याआधी एक साधी तपासणी करा. ज्याचं काम बिघडतंय त्या ऑपरेटरला साहित्य हाताशी देऊन, घाई न लावता तेच काम करायला सांगा. जमलं, तर टार्गेट, कच्चा माल किंवा पाळी बदलताना अर्धवट पोचलेले निरोप तपासा. नाही जमलं, तरच शिकवायचं बघा.

कॅलिफोर्नियातला जनरल मोटर्सचा फ्रीमाँट कारखाना गैरहजेरी, भांडणं आणि सदोष गाड्यांसाठी बदनाम होता. १९८२ मध्ये तो बंद पडला. १९८४ मध्ये टोयोटाच्या भागीदारीत तो 'नुम्मी' या नावाने उघडला, तेव्हा कामगार बहुतांशी जुनेच होते. तरी गाड्यांचा दर्जा झपाट्याने सुधारला. काही जणांना शिकायला जपानला पाठवलं होतं, हे खरं. पण दोष दिसला की दोरी ओढून लाइन थांबवायची मुभाही कामगाराला मिळाली होती, आणि दोरी ओढल्यावर टीम लीडर यायचा तो मदतीला. दोरी ओढणाऱ्याला झापलं असतं, तर जपानची वारी फुकट गेली असती.

माझ्या मते सगळ्यात महागात पडणारी चूक मात्र निराळी आहे. उत्तम ऑपरेटरला सुपरवायझर करायचं आणि वाऱ्यावर सोडायचं. एक कसबी हात जातो, बदल्यात गोंधळलेला साहेब मिळतो. स्वतःला येणं आणि दुसऱ्याला शिकवता येणं यांत फार अंतर आहे. ज्याचा हात बसलाय, तो नेमकी खुबीच सांगायला विसरतो. त्याला ती आता जाणवतही नसते. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेत नवख्यांची फौज कारखान्यांत आली, तेव्हा 'ट्रेनिंग विदिन इंडस्ट्री' या सरकारी योजनेने आधी सुपरवायझरच पकडले. काम शिकवण्याचा वर्ग अवघा दहा तासांचा, पायऱ्या चार: शिकणाऱ्याची तयारी करून घ्या, खुब्या सांगत करून दाखवा, त्याच्याकडून करून घ्या, मग येऊन बघत राहा. १९४५ पर्यंत योजनेतून सोळा लाखांहून अधिक लोक गेले. चौथी पायरी आजही सर्रास गाळली जाते.

जुन्या घडीत नवं यंत्र कोंबणं ही चूक तर शंभर वर्षांची आहे. वीज आली तेव्हा अनेक कारखान्यांनी वाफेचं इंजिन काढून त्या जागी एक मोठी मोटर बसवली. सगळी यंत्रं एकदम फिरवणारा छतालगतचा दांडा आणि पट्टे तसेच ठेवले. खरा फायदा पुढे झाला. प्रत्येक यंत्राला स्वतंत्र मोटर मिळाली आणि कामाच्या ओघाप्रमाणे मांडणी बदलता आली. आज नवं सॉफ्टवेअर घेऊनही जुनं रजिस्टर चालूच ठेवलं जातं, आणि दुप्पट काम बघून माणसं वैतागतात. त्यालाच 'बदलाला विरोध' म्हणतात!

सर्टिफिकेटं मोजू नका, हे सांगायला नको. मशीन यायच्या दोन महिने आधी वर्गही घेऊ नका. हात लागेपर्यंत सगळं विसरलेलं असतं.

आणि बिघाड रात्रपाळीतच जास्त होत असतील, तर प्रशिक्षणाच्या दिवशी ती पाळी कुठे होती ते विचारा. बहुधा घरी झोपलेली असते.