दिल्लीतले बाबासाहेब: पत्ता न चुकता, एका दिवसात

दिल्लीत रिक्षावाल्याला नुसतं 'आंबेडकर' म्हणालात तर तो तुम्हाला कुठेही नेऊन सोडेल, आणि त्यात त्याची चूक नसेल. दक्षिण टोकाला आंबेडकर नगर नावाची मोठी वस्ती आहे. दिल्ली गेटजवळ फुटबॉलचं आंबेडकर स्टेडियम आहे, त्याला लागून त्याच नावाचं बसस्थानक. कश्मीरी गेटला आंबेडकर विद्यापीठ, रोहिणीत आंबेडकर रुग्णालय. तुम्हाला जायचं असतं २६, अलीपूर रोडला, म्हणजे बाबासाहेबांच्या अखेरच्या घराच्या जागी उभ्या राहिलेल्या स्मारकाला. नकाशात घाईघाईने 'अलीपूर' टाकून निघालात तर आणखी फसगत, कारण अलीपूर हे कर्नालच्या महामार्गावरचं, शहराच्या उत्तर टोकाचं वेगळंच गाव आहे. जुन्या दिल्लीतून त्या गावाकडे जाणारा रस्ता तो अलीपूर रोड. त्याला आता शामनाथ मार्ग म्हणतात, म्हणून पाटीवर ते नाव दिसलं तरी गडबडू नका. फोनमध्ये 'डॉ. आंबेडकर राष्ट्रीय स्मारक, सिव्हिल लाइन्स' एवढं पूर्ण लिहून ठेवा आणि तेच दाखवा.

दिवस कोणता निवडायचा ते आधी ठरवा. सोमवार नको, स्मारकाची साप्ताहिक सुट्टी त्या दिवशी असते. शनिवार सर्वांत सोयीचा, त्याचं कारण पुढे सुप्रीम कोर्टापाशी येईल. १४ एप्रिल आणि ६ डिसेंबरला वातावरण वेगळं असतं, पण निवांत पाहणं होत नाही: रांगा लागतात, व्हीआयपींच्या गाड्यांसाठी रस्ते अडवतात. १४ एप्रिलला दिल्लीचं ऊन तापायला लागलेलं असतं. डिसेंबरच्या उत्तरार्धापासून जानेवारीपर्यंत धुक्यामुळे उत्तरेकडच्या गाड्या तासन् तास रखडतात. सकाळी पोहोचणाऱ्या गाडीच्या भरवशावर त्याच दिवसाचा बेत आखू नका, एक रात्र हाताशी ठेवा. ऑक्टोबरअखेर ते नोव्हेंबर आणि फेब्रुवारी ते मार्चचा मध्य हे दिवस फिरायला बरे, फक्त दिवाळीनंतरच्या आठवड्यांत हवा खराब असते. दम्याचा त्रास असलेल्यांनी तेव्हा टाळावं.

नवी दिल्ली स्टेशनवर उतरलात तर काम सोपं. मेट्रोची पिवळी लाइन, समयपूर बादलीच्या दिशेची गाडी. चावडी बाजार, चांदनी चौक, कश्मीरी गेट, सिव्हिल लाइन्स, विधानसभा. शेवटच्या दोन्हींपैकी कुठेही उतरलं तरी चालतं, तिथून ई-रिक्षा मिळते. निजामुद्दीनला उतरणाऱ्यांनी (महाराष्ट्रातून जाणाऱ्या बऱ्याच गाड्या तिथेच संपतात) सराय काले खाँ इथून गुलाबी लाइनने लाजपत नगर गाठावं, तिथून जांभळ्या लाइनने कश्मीरी गेट आणि मग पिवळी. सामान घेऊन हे करू नका. मेट्रोत प्रत्येक ठिकाणी बॅग एक्स-रेमधून जाते आणि सकाळच्या गर्दीत ती रांग जीव काढते. सामान खोलीवर किंवा स्टेशनच्या क्लोकरूममध्ये टाका. क्लोकरूमवाले कुलूप नसलेली बॅग घेत नाहीत, त्यामुळे छोटं कुलूप घरूनच आणा.

२६, अलीपूर रोड

हे ठिकाण पहिलं घ्या आणि त्याला दोन तास द्या. सप्टेंबर १९५१ मध्ये बाबासाहेबांनी मंत्रिमंडळाचा राजीनामा दिला, सरकारी बंगला सोडला आणि ते इथे राहायला आले. घर सिरोहीच्या महाराजांचं. आयुष्याची शेवटची पाच वर्षं इथे गेली. ५ डिसेंबर १९५६च्या रात्री ते आपल्या अखेरच्या ग्रंथाच्या प्रस्तावनेवर काम करत होते, आणि ६ डिसेंबरला याच घरात त्यांचं महापरिनिर्वाण झालं. पार्थिव विमानाने मुंबईला आणलं, ७ तारखेला दादरला अंत्यसंस्कार झाले. म्हणजे चैत्यभूमीची सुरुवात या फाटकापासून होते.

मात्र मनाची एक तयारी करून जा: मूळ बंगला आता उभा नाही. तो आताचं स्मारक होण्याआधीच पाडला गेला होता. आज दिसते ती नवी इमारत आहे, तिचं लोकार्पण १३ एप्रिल २०१८ रोजी झालं. 'बाबासाहेबांची खोली कुठली?' असं विचारत लोक आत फिरतात आणि हिरमुसतात. तशी जुनी खोली इथे नाही. त्यांचे कपडे, टाइपरायटर अशा वापरातल्या वस्तू पाहायच्या असतील तर नागपूरजवळ चिचोलीच्या शांतिवनात जायला हवं. दिल्लीत पाहायचं ते त्या जागेवर उभारलेलं चरित्र.

इमारतीचा आकार उघड्या पुस्तकाचा आहे, म्हणजे संविधानाचा. फाटकातून आत शिरून सरळ दरवाज्याकडे गेलात तर तो आकार कळतच नाही, नुसत्या भिंती दिसतात. आधी आवारात मागे सरा, थोडं बाजूला व्हा, मग दोन्ही पानं डोळ्यांत भरतात. फोटोही तिथूनच काढा. प्रवेशाजवळ ११ मीटर उंचीचा अशोकस्तंभ आहे. उंची फोटोत आणायची असेल तर पायथ्याशी माणूस उभा करा. आत बुद्धमूर्ती आणि बाबासाहेबांचा १२ फुटी ब्राँझ पुतळा आहे, आणि मागच्या बाजूला ध्यानकेंद्र. ब्राँझवर फ्लॅश मारला की चेहरा पांढरा पडतो, त्यामुळे फ्लॅश बंद. मनाई नसेल तिथेच फोटो काढा, आणि ध्यानकेंद्रात फोन खिशातच बरा.

प्रदर्शन चित्रं, ध्वनी, पडदे अशा माध्यमांतून चरित्र सांगतं. मुलं सोबत असतील तर त्यांना आधी दोन तारखा सांगून ठेवा: २९ ऑगस्ट १९४७, मसुदा समिती नेमली गेली, आणि २६ नोव्हेंबर १९४९, संविधान स्वीकारलं गेलं. या दोन खुंट्या पक्क्या असल्या की मधलं सगळं त्यांवर टांगता येतं. नाहीतर मुलं पडदा दिसेल तिथे पळतात आणि बाहेर येऊन विचारतात, मग आधी काय झालं?

जनपथ, संसद आणि टिळक मार्ग

परत कश्मीरी गेटला येऊन जांभळी लाइन पकडा आणि जनपथला उतरा. १५, जनपथ इथे डॉ. आंबेडकर आंतरराष्ट्रीय केंद्र आहे, डिसेंबर २०१७ मध्ये सुरू झालेलं. स्वेटर आणि झुमक्यांचा जो जनपथ बाजार आहे तिथे ते नाही. बाजार कनॉट प्लेसच्या टोकाला, केंद्र त्याच्या दक्षिणेला. इमारतीत बौद्ध वास्तुकलेच्या कमानी आधुनिक बांधणीत बसवल्या आहेत. हे मुळात अभ्यास आणि परिषदांचं ठिकाण आहे. एखादा कार्यक्रम चालू असला की आत मोकळेपणी फिरता येत नाही, म्हणून बाहेरून पाहण्याची तयारी ठेवूनच जा.

पुढचं स्टेशन सेंट्रल सेक्रेटरिएट. संसद भवन परिसरातला पुतळा तुम्ही पाहिला नसला तरी ओळखता: उजव्या हाताचं बोट पुढे, डाव्या हातात संविधान. शिल्पकार बी. व्ही. वाघ, अनावरण २ एप्रिल १९६७ रोजी राष्ट्रपती राधाकृष्णन यांच्या हस्ते. गावोगावच्या चौकांतले पुतळे याच ठेवणीचे. जून २०२४ पासून संसद परिसरातले पुतळे 'प्रेरणा स्थळ' नावाच्या एका जागी एकत्र ठेवले आहेत, त्यामुळे जुन्या फोटोंतली जागा शोधू नका. जुन्या संसद भवनाचं नाव आता संविधान सदन. तिथल्याच सेंट्रल हॉलमध्ये बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९चं भाषण केलं, आणि १२ एप्रिल १९९० पासून त्यांचं तैलचित्रही तिथे आहे.

अडचण एकच, रस्त्यावरून चालत आत जाता येत नाही. दर्शक दीर्घेचा पास खासदाराच्या शिफारशीने मिळतो. आपल्या मतदारसंघातल्या खासदाराच्या कार्यालयात काही आठवडे आधी अर्ज द्या आणि प्रत्येकाचं नाव आधारकार्डावर आहे अगदी तसंच लिहा. एका अक्षराच्या फरकावर फाटकाशी अडवतात, मग 'राउत' आणि 'राऊत' एकच हे तिथे समजावत बसावं लागतं. पास पाहुण्यांच्या बसण्याच्या जागेपुरता असतो, प्रेरणा स्थळावर जायचं असेल तर अर्जातच तसं विचारा. पास नसेल तर कर्तव्यपथावरून इमारत दिसते तेवढ्यावर समाधान.

शनिवारचं महत्त्व आता. सुप्रीम कोर्टात सर्वसामान्यांसाठी शनिवारी मार्गदर्शकासह फेरी असते, न्यायालयाच्या संकेतस्थळावर आधी नाव नोंदवून. तारीख ठरवण्यापूर्वी तिथे त्या शनिवारी फेरी आहे ना ते पाहाच, सुट्ट्यांना ती नसते. मूळ ओळखपत्र लागतं, फोन बाहेर ठेवावा लागेल हे गृहीत धरा. आवारातला बाबासाहेबांचा पुतळा २६ नोव्हेंबर २०२३ रोजी बसवला. इथले बाबासाहेब वकिलाच्या गाऊनमध्ये आहेत. उंची सात फुटांच्या पुढे, म्हणजे अलीपूर रोडवरच्या पुतळ्याहून बराच लहान, पण वकिलाच्या पोशाखामुळे इतर पुतळ्यांत चटकन वेगळा ओळखू येतो. मेट्रोने जांभळ्या लाइनवर मंडी हाउस, तिथे निळी लाइन, पुढचंच स्टेशन सुप्रीम कोर्ट. जुने नकाशे त्याला प्रगती मैदान म्हणतात.

कोर्ट ज्या रस्त्यावर आहे त्याचं नाव टिळक मार्ग. हाच पूर्वीचा हार्डिंग अव्हेन्यू. कायदामंत्री असताना बाबासाहेब १, हार्डिंग अव्हेन्यूला राहत, आणि १५ एप्रिल १९४८ रोजी डॉ. शारदा कबीर, म्हणजे आपल्या माईसाहेब, यांच्याशी त्यांचा नोंदणी विवाह त्याच घरी झाला. तिथे संग्रहालय वगैरे काही नाही. त्याआधी, व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर खातं सांभाळताना, ते २२, पृथ्वीराज रोडला होते. तिथेही आत जाता येत नाही, उगाच फाटकाशी रेंगाळलात तर पहारेकरी हटकतात.

वेळ उरलाच तर राणी झाँसी मार्गावरचं आंबेडकर भवन बघा. त्याची पायाभरणी खुद्द बाबासाहेबांनी १९५१ मध्ये केली. त्यांच्या नावाच्या इतर इमारती त्यांच्या पश्चात झाल्या, ही मात्र त्यांनी स्वतः सुरू केलेली. निळ्या लाइनवर झंडेवालानला उतरून रिक्षा करा आणि 'राणी झाँसी रोडवालं आंबेडकर भवन' असं पूर्ण सांगा.