इटालियन सिनेमातला एक साइड रोलवाला नट पकडून त्याचं अख्खं करिअर कसं बघायचं

इटालियन सिनेमा कुठून सुरू करू असं विचारलं की लोक दिग्दर्शकांची नावं सांगतात, फेलिनी बघ, डी सिका बघ वगैरे. मी म्हणेन एक साइड रोलवाला नट पकडा आणि त्याच्या मागोमाग जा. इटालियनमध्ये अशा नटाला कारात्तेरिस्ता म्हणतात, आणि तिथल्या कॉमेडीचा अर्धा जीव या मंडळींमध्येच आहे असं मला मनापासून वाटतं.

आधी चेहरा निवडा, आणि तो तुम्ही आधीच बघितलेल्या पिक्चरमधला असू द्या. 'गॉडफादर पार्ट टू' (1974) बहुतेकांनी बघितलाय. त्यातला तो घरमालक आठवतोय का, सिन्योर रॉबर्टो? एका विधवा बाईला कुत्र्यामुळे घराबाहेर काढत असतो, तरुण व्हिटो (पुढे डॉन होणारा) मध्ये पडतो तर त्याच्यावरच आवाज चढवतो, आणि मग व्हिटो कोण आहे हे कळल्यावर थरथरत त्याच्या ऑफिसात येतो, पैसे परत करतो, भाडं स्वतःच कमी करत जातो आणि जाताना त्याला धड दारही उघडता येत नाही. हा लेओपोल्दो त्रिएस्ते. 1917 चा जन्म, गाव रेज्जो कालाब्रिया, 2003 ला रोममध्ये गेला.

आता आयएमडीबी या सिनेमांच्या माहितीच्या साइटवर त्याच्या पिक्चरची यादी काढा आणि वर्षाच्या क्रमाने लावा, रेटिंगच्या क्रमाने अजिबात नको, कारण माणूस कसा बदलत गेला हे क्रमानेच दिसतं. पहिला बघायचा 'द व्हाइट शेख' (1952). गंमत म्हणजे त्रिएस्ते मुळात नाटककार, आणि फेलिनीने त्याला थेट मोठाच रोल दिला. हनिमूनला रोममध्ये आलेला नवरा, बायको फोटो-कथांमधल्या हिरोला भेटायला गायब झालेली, आणि हा नातेवाईकांसमोर घाम पुसत खोटं बोलतोय. ते मोठ्ठे डोळे नीट लक्षात ठेवा, पुढची पन्नास वर्षं तेच कामाला येणार आहेत. लगेच पुढचा 'इ वितेल्लोनी' (1953) बघा, त्यात तो लेओपोल्दो नावाच्याच धडपड्या नाटककाराचं काम करतो आणि एका म्हाताऱ्या नटाला आपलं नाटक वाचून दाखवतो. खरा नाटककार हा रोल करतोय हे माहीत असलं ना, की तो सीन फार आत लागतो.

यादीत रिकामी जागा दिसली तर सोडून देऊ नका, त्या काळात माणूस काय करत होता ते शोधा. पन्नासच्या दशकाच्या शेवटी त्रिएस्तेने स्वतः दिग्दर्शन केलं, दोन पिक्चर, 1958 आणि 1960 चा. मग परत अभिनयाकडे, आणि इथून दिग्दर्शक पिएत्रो जेर्मीचे दोन सिसिलीतले पिक्चर सलग बघायचे, 'डिव्होर्स इटालियन स्टाइल' (1961) आणि 'सिड्यूस्ड अँड अबँडन्ड' (1964). दुसऱ्यात तो कंगाल झालेला बॅरन आहे, जीव द्यायला निघतो आणि तेही जमत नाही. हसू येतं आणि वाईटही वाटतं, एकाच वेळी. या रोलला त्याला नास्त्रो द'अर्जेंतो मिळालं, इटलीतल्या सिनेपत्रकारांचं अवॉर्ड.

बघायची पद्धत सांगतो. पिक्चर एकदा सरळ पूर्ण बघा. मग फक्त याचे सीन लावून आवाज बंद करा, आणि दुसरा नट बोलत असताना हा काय करतोय तेवढंच बघा. मी वहीत लिहून ठेवतो, कितव्या मिनिटाला आला, कितव्याला गेला. खूप शिकायला मिळतं यातून.

आवाजावर मात्र पटकन विश्वास ठेवू नका हं! इटलीत त्या काळी बहुतेक पिक्चरमध्ये आवाज नंतर डब व्हायचा, आणि बऱ्याचदा भलत्याच माणसाचा. तिबेरिओ मुर्जा हा नट सार्डिनियाचा, पण 1958 च्या 'बिग डील ऑन मॅडोना स्ट्रीट'पासून डब केलेल्या आवाजामुळे सिसिलीचा माणूस म्हणूनच फेमस झाला. नावाचंही तसंच. मारिओ ब्रेगा, दिग्दर्शक सर्जिओ लिओनेच्या वेस्टर्नमधला, म्हणजे काउबॉय पिक्चरमधला, तो आडदांड गुंड, 1964 च्या 'फिस्टफुल ऑफ डॉलर्स'मध्ये रिचर्ड स्टायव्हसंट या अमेरिकन नावाने आहे, त्यामुळे क्रेडिट्समध्ये नाव सापडलं नाही तर टोपणनाव तपासा. ब्रेगाची खरी रोमन बोली ऐकायची असेल तर 1980 नंतरच्या दिग्दर्शक कार्लो व्हेर्दोनेच्या कॉमेडी लावा.

त्रिएस्तेचा शेवटचा टप्पा म्हणून 'सिनेमा पॅरादिसो' (1988) ठेवा. पडद्यावर चुंबन आलं की घंटी वाजवून ते कापायला लावणारा पाद्री, तो हाच. डोळे बघा, 1952 चेच आहेत.

हे पाच-सहा पिक्चर झाले की पुढचा चेहरा सारो उर्झी. 'सिड्यूस्ड अँड अबँडन्ड'मधला तो चिडका बाप, ज्यासाठी त्याला 1964 ला कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये बेस्ट अ‍ॅक्टर मिळालं, आणि पहिल्या 'गॉडफादर'मध्ये (1972) मायकल ज्याच्याकडे मुलीसाठी मागणी घालतो तो सिसिलीतला कॅफेवालाही तोच. वहीत नवीन पान उघडा.