लातूर-परभणीत बसून सिनेमाच्या छोट्या भूमिकेसाठी सेल्फ टेप

दोन-तीन सीनची भूमिका असली की पहिल्या फेरीला बहुतेक कास्टिंगवाले मुंबईला बोलावत नाहीत, सेल्फ टेप, म्हणजे स्वतःच शूट केलेला अभिनयाचा व्हिडिओ, मागतात. मराठवाड्यातल्या नटाच्या हे पथ्यावर पडतं. तरी चांगल्या नटांच्या टेप बाजूला पडतात, त्या बहुतेकदा आवाजामुळे.

उन्हाळ्यात कूलर चालू ठेवून शूट केलं की त्याची घरघर संवादांवर चढते. भल्या सकाळी, कूलर-पंखा बंद करून उरका. स्लॅबच्या रिकाम्या खोलीत आवाज घुमतो, म्हणून फोनच्या मागं आणि बाजूला गाद्या, गोधड्या लावा. तोंड खिडकीकडे, मागं साधी भिंत. फोन आडवा, स्टँडवर, लेन्स डोळ्यांच्या उंचीला, फ्रेम छातीपासून वर. समोरच्या पात्राचे संवाद वाचणारा लेन्सला खेटून उभा करा. तो माइकजवळ असतो, त्यानं तुमच्यापेक्षा हळू आवाजात बोलावं. नजर त्याच्याकडे, लेन्समध्ये बघायचं ते फक्त ओळख देताना. ओळखीत नाव, वय, उंची, गाव, भाषा, मोकळ्या तारखा. मग दोन्ही बाजूंचा चेहरा आणि एक पूर्ण उंचीचा शॉट.

आता बोली. ‘ग्रामीण पात्र’ एवढं वाचलं की आपल्याकडची पोरं कोल्हापुरी ठसका काढतात आणि तो उसना आहे हे लगेच कळतं. पात्र कुठल्या जिल्ह्याचं, ते विचारा. उत्तर नाही आलं तर दोन टेक द्या: एक घरच्या बोलीत, ‘काय करायलास?’ म्हणतो तसा, दुसरा प्रमाण मराठीत. संवाद बदलायची मुभा नसेल तर शब्द तेच ठेवून हेल आपला लावा. तेवढ्यानंही माणूस खरा वाटतो.

व्हॉट्सॲपवर नेहमीसारखा पाठवलेला व्हिडिओ दाबला जाऊन धूसर होतो. डॉक्युमेंट म्हणून पाठवा, नाहीतर ड्राइव्हची लिंक द्या आणि ती दुसऱ्याच्या फोनवर उघडते का बघा.

ऑडिशनचे किंवा कलाकाराच्या कार्डाचे पैसे मागणाऱ्याला टेपच देऊ नका.

निवड झाली की परडे (एका दिवसाचं मानधन) किती, शिफ्ट किती तासांची, प्रवास-मुक्काम कुणाकडे, डबिंग त्याच पैशांत का, हे मेसेजवर लिहून घ्या. डबिंगचं बोलणं राहिलं तर पुन्हा मुंबईची खेप पदरच्या पैशानं पडते. पैसे ९० दिवसांनी मिळण्याची रीत आहे, त्यामुळं घरखर्च त्यावर बांधू नका. काम संपल्याचा निरोप येईपर्यंत दाढी-मिशीला हात लावू नका. पॅचचं, म्हणजे राहिलेल्या तुकड्यांचं, शूट निघालं तर कंटिन्युइटी (आधीच्या शॉटशी जुळणी) तुटते. मानधनातून साधारण १० टक्के टीडीएस कापतात. उत्पन्नावर कर लागत नसेल तर रिटर्न भरून तो परत मिळतो.